कृष्णामाई आणि खालचा पाणवठा

२००५ च्या महापुरानंतरच्या सहामाही परीक्षेत मी नववीच्या वर्गाला 'कृष्णामाईचे मनोगत' हा निबंध घातला होता. सगळ्या उत्तरपत्रिकांचे वळण एकच. महाबळेश्वरला जन्म, वाईचे घाट, माहुलीला वेण्णेची भेट, कऱ्हाडला कोयनेला मिठी, मग औदुंबर, सांगलीचा गणपती, हरिपूरला वारणा. हे सारे मीच वर्गात सांगितलेले होते, तेव्हा मुलांना दोष देण्याचे कारण नाही. एका मुलीने मात्र वेगळेच लिहिले. पुराचे पाणी गावात शिरले ते पहिल्यांदा आमच्या वस्तीत, आणि ओसरले तेही सगळ्यात शेवटी आमच्यातून. आठ दिवस परक्या इमारतीत काढले, तिथेही चुली वेगळ्या मांडल्या गेल्या. आजी म्हणते ही नदी आपली माय नव्हे. मी त्या निबंधाला दहापैकी तीन गुण दिले आणि समासात तांबड्या शाईने लिहिले : विषयांतर.

मी स्वतः तसल्याच वस्तीत वाढलेला माणूस. माझी आजीही याच नदीच्या खालच्या पाणवठ्यावर घागर भरत आली. तरी मास्तर म्हणून हातात तांबडी शाई आली तेव्हा माझ्या डोळ्यांवर घाटावरचाच चष्मा होता. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांच्या वर गेले, ब्रह्मनाळला नाव उलटून माणसे बुडाली, तेव्हा मला तो निबंध पुन्हा आठवला. विषयांतर नेमके कोणी केले होते, त्या मुलीने की आमच्या साहित्याने, हा प्रश्न तेव्हापासून डोक्यात आहे. तो येथे मांडतो.

मराठीत कृष्णेवर जे लिहिले, गायले गेले त्याचा कळस म्हणजे ग. दि. माडगूळकरांचे कृष्णामाईवरचे गीत. १९६७ च्या चित्रपटातले हे गीत सातारा-सांगलीच्या प्रत्येक घरात पोचलेले आहे; आमच्या वस्तीतही रेडिओवर लागले की माणसे थांबत. माडगूळकर हे थोर गीतकार होते याबद्दल माझ्या मनात शंका नाही. शिवाय ते काही घाटावर वाढलेले नव्हेत. त्यांचे माडगूळ आटपाडीच्या माणदेशात, जिथे पाण्याच्या घागरीसाठी माणसे मैलोन् मैल चालत आली. अशा मुलखातल्या कवीला भरून वाहणारी नदी पाहून जे वाटेल ते खरेच असणार. पण त्या गीताचा गाभा काय आहे? काठावर काय घडते याच्याशी नदीला देणेघेणे नाही, ती आपल्या लयीत पुढे जाते, ही कल्पना. नदीची तटस्थता हेच तिचे सौंदर्य.

नेमके येथेच माझे भांडण आहे. पाणी तटस्थ असेल. पाणवठा कधीच तटस्थ नव्हता. कृष्णाकाठच्या बहुतेक गावांत नदी उभी कापलेली होती. वरच्या अंगाला देवाचे आणि पिण्याचे पाणी, त्याखाली धुणे, त्याखाली म्हसरांचा उतार, आणि त्याही खाली आमचा पाणवठा. आमची आजी म्हणायची, "वरनं म्हसरं धुवून आल्यालं पानी आपल्याला. आपुन खालचं." तिने हे कधी तक्रारीच्या सुरात सांगितले नाही. दिशा सांगावी तसे सांगितले. गावाचा उगवतीचा सखल भाग महारवाड्याला, नदीचा खालचा भाग महारवाड्याला, आणि पूर आला की तोच सखल भाग आधी पाण्याखाली. म्हणजे उन्हाळ्यात घाण पाणी आणि पावसाळ्यात पहिले पाणी, हा त्या 'तटस्थ' नदीचा आमच्याशी व्यवहार. कवीने हे लिहायला हवे होते असा माझा आग्रह नाही. पण वाहणारे पाणी कोणाचा भेद करीत नाही या एका वाक्यावर जी समीक्षा तृप्त होते, तिने खालच्या पाणवठ्यावर उभे राहून एकदा नदीकडे पाहावे.

घाटांचेही असेच. वाईचे घाट पेशवाईतल्या सरदारांनी, विशेषतः रास्त्यांनी बांधले. ढोल्या गणपतीच्या देवळाची मागची भिंत माशाच्या आकाराची आहे, पुराचे पाणी दुभंगून दोन्ही बाजूंनी निघून जावे म्हणून. बांधकाम म्हणून ते कौतुकास्पद आहे. मी विद्यार्थ्यांना सहलीत दाखवले आहे. देवाच्या पाठीशी पूर फोडण्याची विद्या अठराव्या शतकात इथे होती. वस्तीच्या पाठीशी ती आजही आलेली नाही. घाटाचे वर्णन करणाऱ्या ललित लेखकाला ही भिंत दिसते, तिचे चित्र तो रेखाटतो, पण तिच्यावरून वस्ती आठवावी असे त्याला वाटत नाही, कारण त्याच्या नदीला दुसरा काठच नाही.

यशवंतराव चव्हाणांचे 'कृष्णाकाठ' १९८४ साली आले. १९४६ पर्यंतची ही आत्मकथा. देवराष्ट्र्यात जन्म, कऱ्हाडात शिक्षण, घरची गरिबी, आईचे कष्ट हे सारे त्यात मनापासून आले आहे, आणि कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर त्या माणसाचा जीव होता. समाधीही तिथेच झाली. हे पुस्तक घाटावरून लिहिलेले नाही. ते शेताच्या बांधावरून लिहिलेले आहे. बहुजन समाजाचा नदीशी असलेला नातेसंबंध त्यात पहिल्यांदा एवढ्या ठसठशीतपणे येतो. यशवंतराव मुख्यमंत्री असताना १९५८ साली कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा झाला, महारकीचे जोखड कायद्याने उतरले, हे ऋण नाकारण्याचा कृतघ्नपणा मी करणार नाही. तरी साहित्य म्हणून पाहताना एक गोष्ट लक्षात घ्यावी लागते. घाटावरून बांधापर्यंत आलेली मराठी नदी बांधावरच थांबली. बांधाच्या पलीकडे ज्याच्या नावावर सातबाराच नाही त्याची नदी कशी असते, हे या परंपरेला ठाऊक नाही.

ती नदी कुठे सापडते? ती ज्या पानांत सापडते त्यांना 'नदीवरचे साहित्य' कोणी म्हणत नाही.

साताऱ्याच्या पाण्यावरचे मला माहीत असलेले सगळ्यात महत्त्वाचे लेखन बाबासाहेबांचे आहे. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' ही त्यांची इंग्रजी आत्मकथनपर टिपणे १९९० साली पीपल्स एज्युकेशन सोसायटीने पुस्तिकेच्या रूपाने काढली. त्यातला पहिलाच प्रसंग १९०१ सालचा, सातारा जिल्ह्यातला. आई साताऱ्यातच १८९६ साली वारलेली. वडील खटाव तालुक्यात रोखपालाच्या कामावर; तेथे दुष्काळग्रस्तांना रोजगार म्हणून सरकार तलाव खोदून घेत होते. उन्हाळ्याच्या सुटीत भीमराव, त्यांचा भाऊ आणि भाचे नवे कपडे घालून आगगाडीने निघतात आणि मसूरच्या स्टेशनवर उतरतात. न्यायला कोणी आलेले नाही. मुले महारांची आहेत हे कळताच स्टेशनमास्तरचा चेहरा बदलतो. गाडीवान दुप्पट भाडे घेऊनही मुलांनीच बैल हाकावेत या अटीवर तयार होतो, आणि स्वतः बाजूने चालतो.

संध्याकाळी मुले जेवायला बसतात. डब्यात अन्न भरपूर आहे, पाणी नाही. जवळच नदीचे पात्र आहे. ते कोरडे पडलेले, डबक्यात उरलेले पाणी गुराढोरांच्या शेणामुताने घाण झालेले. मुले जेवण अर्धे टाकून उठतात. मध्यरात्री जकात नाक्यावर पोचतात. आपण मुसलमान आहोत असे सांगून पाणी मागतात. तेथेही पाणी मिळत नाही. पुढे रात्रभर तहान.

हा प्रसंग आपण अस्पृश्यतेचा दाखला म्हणून नेहमी वाचतो, सभेत सांगतो. मी तो नदीचे वर्णन म्हणून वाचावा असे सुचवतो. मसूर कृष्णेपासून काही फार लांब नाही. जिच्या काठी एवढे घाट, एवढे उत्सव, तिच्याच खोऱ्यात नऊ वर्षांच्या पोराला पाणी मिळाले नाही. बाबासाहेबांच्या लेखनात अलंकार नाही. कोरडे पात्र, डबके, वास, बंद केलेला डबा. आणि वडील कुठे आहेत? तलाव खोदण्याच्या कामावरचा हिशेब ठेवत आहेत! दुष्काळी लोकांसाठी पाणी साठवण्याच्या कामावर बाप आणि त्याच्याकडे जाणारी मुले तहानलेली, हा विरोधाभास एखाद्या कादंबरीकाराने रचला असता तर आपण त्याला कृत्रिम म्हटले असते. १९२३ साली सी. के. बोले यांचा, सार्वजनिक पाणवठे खुले करण्याचा ठराव मुंबई कौन्सिलात झाला आणि २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. त्या ओंजळीची सुरुवात मला तरी मसूरच्या वाटेवर दिसते.

दुसरे पान शंकरराव खरातांचे. आटपाडीचे खरात, माडगूळकरांच्याच माणदेशातले. 'तराळ-अंतराळ' हे त्यांचे आत्मचरित्र १९८१ चे. त्यात विहिरीतल्या प्रेताचा प्रसंग आहे. वडिलांवर गावकीची तराळकी. विहिरीत प्रेत सापडते, पोलीस येतो आणि वडिलांना विहिरीत उतरायला फर्मावतो. मुलगा काठावरून हे पाहतो आहे. ज्या विहिरीला एरवी हात लावला तर गाव विटाळते, तिच्या तळाशी उतरायला मात्र आमचाच बाप लागतो! पाण्याला आमचा विटाळ, प्रेताचा विटाळ आम्हांला. मराठी ग्रामीण साहित्यात विहिरी कमी नाहीत. मोटा आहेत, नाडे आहेत, मोटेवरची गाणी आहेत. पण विहिरीच्या तळातून वर पाहिलेले आकाश मी तरी पहिल्यांदा खरातांकडे पाहिले.

अण्णा भाऊ साठ्यांची गोष्ट आणखी निराळी. १ ऑगस्ट १९२० रोजी वाळवा तालुक्यातल्या वाटेगावी जन्मलेला हा लेखक कृष्णेवर नव्हे, वारणेवर लिहितो. 'वारणेचा वाघ', 'वारणेच्या खोऱ्यात' ही कादंबऱ्यांची नावेच पाहा. वारणा ही कृष्णेची उपनदी. तिला कृष्णेसारखे घाटांचे वैभव नाही, 'माई' म्हणून आरती नाही. तिच्या खोऱ्यात डोंगर आहे, जंगल आहे, चोरवाटा आहेत. अण्णा भाऊंच्या माणसांना नदी लागते ती रात्री ओलांडायला, पाठलाग चुकवायला, लपायला. 'फकिरा' (१९५९) मध्ये दुष्काळात गावकुसाबाहेरची माणसे मरू लागतात तेव्हा फकिरा धान्य लुटून वाटतो, सरकारी खजिना लुटतो. निसर्ग तेथे पार्श्वभूमी म्हणून येत नाही. तो बाजू घेतो. खोरे बंडखोराला पोटात घेते. ज्यांची गावात रोज हजेरी घेतली जाते त्यांना डोंगर-नदीच मोकळी जागा देतात. अण्णा भाऊंवर भडकपणाचा, योगायोगाचा आरोप होत आला, त्यात काही तथ्यही आहे. मला स्वतःला त्यांची काही वर्णने ठरीव वाटतात. पण नदी तटस्थ नसते हे मराठी कादंबरीत ठासून सांगणारा पहिला लेखक तोच. त्यांनी 'फकिरा' बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली, ती उगाच नव्हे.

येथपर्यंत मी दुसऱ्यांच्या वह्या तपासल्या. आता आपली वही काढू.

दलित साहित्याने पाणी लिहिले. नदी लिहिली नाही. पाणी म्हणजे हक्क, विटाळ, तहान, सत्याग्रह. ते लिहिणे अटळ होते. पण निसर्ग हा पांढरपेशांचा चैनीचा विषय आहे, पाखरे आणि चांदणे आपल्या उपयोगाचे नाही, असे आपण समीक्षेत इतक्या वेळा म्हटले की आपल्याच माणसांचे नदीशी असलेले रोजचे नाते आपण सोडून दिले. मी लहान असताना उन्हाळ्यात पात्र उघडे पडले की भूमिहीन माणसे वाळूत खड्डे काढून कलिंगडाचे वेल लावीत. पाणी उतरले की मळीच्या जमिनीत वांगी करीत. कोणता मासा कोणत्या डोहात, कोणत्या महिन्यात, हे भोयांना आणि आमच्या थोरल्या चुलत्यांना ठाऊक असे. औदुंबर-भिलवडीकडच्या डोहांतून मगरी आजही आहेत. कुठल्या वळणावर म्हसरू पाण्यात घालायचे नाही हे पोरांना चालता येऊ लागले की सांगितले जाई. हे ज्ञान कोणत्या दलित आत्मकथनात आले? फार थोड्या. आपण जोहार लिहिला, कलिंगडाचा वेल लिहिला नाही.

हे मी हळवेपणाने म्हणत नाही. नदी मरते तेव्हा आधी कोण मरते, हा प्रश्न आहे. मळीमिश्रित पाणी सुटून मासे तडफडत वर येतात तेव्हा बागायतदाराचा पंप चालूच असतो; चूल बंद पडते ती मासे धरणाऱ्याची. पात्रातली वाळू उपसून नेली की पाणी धरून ठेवणारा तळ जातो, आणि उन्हाळी वेल लावणाऱ्याची जागाही जाते. दुसरीकडे उसाला पाजून पाजून काठच्या काळ्या जमिनी क्षारपड झाल्या. त्यावर मजुरी करणाऱ्याला कोणी नुकसानभरपाई विचारत नाही. कोयनेचे पाणी धरणात अडले, डोंगराच्या पोटातून पश्चिमेला पोफळीकडे वळले, वीज झाली, महाराष्ट्र उजळला. कृष्णा पाणीतंटा लवादाने त्यासाठी वर्षाला ६७.५ टीएमसी पाणी मान्य केले, महाराष्ट्राला एकूण ५६० टीएमसी दिले. आज नदीची भाषा ही टीएमसीची भाषा आहे. राज्याराज्यांत वाटणी झाली, कारखान्याकारखान्यांत झाली. माणसामाणसांत वाटणी हा शब्द त्या भाषेत नाही. दया पवारांनी धरण बांधणाऱ्या बाईची कविता लिहिली. तिच्या पाट्यांनी बांध उभा राहतो आणि पाणी दुसऱ्याच्या रानात जाते. ती प्रवरेच्या मुलखातली असली तरी कोयनेच्या आणि धोमच्या मजुरांची कोणी लिहिली नाही, म्हणून आम्ही तीच आमची मानतो.

माणसामाणसांत वाटणीचा शब्द मात्र याच खोऱ्यात उच्चारला गेला आहे, आणि तो साहित्यिकांनी उच्चारलेला नाही. जोतीराव फुल्यांचे मूळ गाव कटगुण, खटाव तालुक्यातले, येरळेच्या मुलखातले. १८८३ च्या 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये जोतीराव नदीला माय म्हणत बसत नाहीत. बांध घाला, पावसाचे पाणी शेतात मुरू द्या, सरकारने या कामाला पोलीस-पलटणी लावाव्यात असे सांगतात. त्यानंतर शंभर वर्षांनी त्याच येरळेच्या खाली, खानापूर तालुक्यात, १९८२ च्या गिरणी संपात गावी परतलेले कामगार आणि दुष्काळी शेतकरी मुक्ती संघर्ष चळवळीत एकत्र आले. बलवडी आणि तांदूळवाडीच्या लोकांनी येरळेवर बळीराजा स्मृती धरण बांधले. पैसा उभारला तो नदीतलीच मर्यादित वाळू विकून. आणि नियम केला : पाणी जमिनीला नाही, माणसाला. प्रत्येक कुटुंबाला सारखा वाटा, भूमिहीनालाही. त्याने आपला पाण्याचा वाटा घेऊन दुसऱ्याची जमीन बटईने करावी. पुढे १९९३ पासून आटपाडीच्या पाणी परिषदांतून नागनाथअण्णा नायकवडी, गणपतराव देशमुख, भारत पाटणकर यांनी समन्यायी पाणीवाटपाची मागणी साऱ्या दुष्काळी तालुक्यांसाठी लावून धरली.

समीक्षेच्या लेखात धरणाचे काय काम, असे कोणी विचारील. काम आहे. 'नदी सगळ्यांची' हे वाक्य आमच्या साहित्यात शेकडो वेळा आले. त्याचा अर्थ काय, हे पहिल्यांदा त्या नियमाने सांगितले. सातबारा नसलेल्याला पाण्याचा मालक करणारे वाक्य मला मराठीतल्या कोणत्याही नदीकवितेपेक्षा अधिक कल्पक वाटते. त्या नियमाचे पुढे चारीत काय झाले, कोणाचा वाटा कोणाकडे गेला, भूमिहीन बौद्ध आणि मातंग घरांच्या हाती काय राहिले, हे कोणीतरी घरोघर जाऊन लिहायला हवे. आपल्यातले जे तरुण आज आत्मकथनाच्या पुढे काय लिहावे असे विचारतात, त्यांनी बलवडीची एस.टी. धरावी. येरळा कृष्णेला मिळते ती ब्रह्मनाळला. ज्या संगमावर २०१९ साली नाव उलटली, त्याच संगमाला हे सगळे पाणी येते.

मी आता निवृत्त आहे. वस्तीतल्या विहारात संध्याकाळी मुलांचा अभ्यास घेतो. गेल्या वर्षी मी त्यांना पुन्हा नदीवर लिहायला सांगितले. मनोगत नको म्हणालो. तुमच्या दारापासून नदीपर्यंतची वाट लिहा, वाटेत काय काय लागते ते लिहा. सहावीतल्या एका पोराने लिहिले की वाट विहारापासून सुरू होते, कारण विहाराच्या भिंतीवर रेघा आहेत. खालची २००५ ची, वरची २०१९ ची, मधली २०२१ ची. पूर्वी बाबासाहेबांचा फोटो खालच्या रेघेच्या वर होता. मग तो मधल्या आणि वरच्या रेघेच्याही वर नेला. आता तो इतका उंच आहे की हार घालायला बाकावर चढावे लागते.

त्या मुलाला मी दहापैकी किती गुण द्यावेत, हे मी अजून ठरवलेले नाही. २००५ ची ती मुलगी आज कुठे असेल याची चौकशी मात्र चालू केली आहे.